ज्यांना ही भेसळ वाटते त्यांच्यासाठी

आज सकाळी आमच्या संगीतप्रेमींच्या गटात मी स्कॉटिश वादक मेव्ह गिलख्रिस्ट यांच्या हार्पवादनाची (हार्प म्हणजे बोटांनी छेडायचे, अनेक तारांचे उभे वाद्य) एक चित्रफीत टाकली. तासाभरात एका जाणकार गृहस्थांनी खाली लिहिले की ही निव्वळ भेसळ आहे, या मंडळींनी स्कॉटिश परंपरेची पार वाट लावली. दिवसभर ते वाक्य डोक्यातून जात नाही, म्हणून सविस्तर लिहिते आहे.

आम्ही एडिंबरात राहत होतो तेव्हा मुलीसाठी लहान क्लारसाख, म्हणजे तिकडचा पारंपरिक हार्प, भाड्याने आणला होता. त्यात प्रत्येक तारेच्या वरच्या टोकाशी एक खटका असतो. तो उचलला की स्वर अर्ध्या पायरीने चढतो. एकदा मुलीने तार छेडली आणि ती गुंजत असतानाच खटका वर केला. स्वर ओढला गेल्यासारखा वर सरकला आणि ती आनंदाने ओरडली, "आई, मींड!" शिकवणाऱ्या बाईंनी तिचा हात बाजूला केला आणि सांगितले की वाजत्या तारेवर खटका हलवायचा नाही, ही परंपरेतली रीत नव्हे.

कुठल्या परंपरेतली? एडिंबराच्या राष्ट्रीय संग्रहालयात जो जुना 'क्वीन मेरी हार्प' काचेआड ठेवला आहे, त्याच्या तारा धातूच्या होत्या, त्या नखांनी छेडत आणि त्याला असले खटकेच नव्हते. ती वादनपरंपरा 18व्या शतकात खंडित झाली. आज ज्याला पारंपरिक म्हणतात तो खटक्यांचा हार्प 1892 मध्ये स्कॉटलंडमधल्या ओबानला पहिला मॉड, म्हणजे गेलिक भाषा-संगीताचा महोत्सव, भरला त्या सुमाराच्या पुनरुज्जीवनातून आला. म्हणजे जी रीत मोडली म्हणून माझ्या मुलीला टोकले, ती रीतच मुळात कुणीतरी नव्याने घातलेली होती!

आणि तेच खटके वाजत्या तारेवर हलवून स्कॉटिश हार्पवादक कॅट्रिओना मॅके स्वरांना असे काही वळवतात की ऐकत राहावे. स्कॉटलंडच्या शेटलंड बेटांवरल्या जुन्या मासेमारी नौकेवरून रचलेली त्यांची 'स्वान एलके243' ही धून पिढ्यान्‌पिढ्या चालत आल्यासारखी वाटते. सॅव्होर्ना स्टीव्हन्सन यांनी तर याच वाद्यावर जॅझचे रंग केव्हाच आणले. जुन्या धुनेखाली यांत्रिक ठेका लावून तिला 'नवे' म्हणवणारेही आहेत, हे मान्य; पण त्यांच्यासाठी या बायकांना वेठीस का धरायचे?

मला सर्वांत लागले ते हे, की आक्षेप घेणारे गृहस्थ मेहदी हसन यांचे निस्सीम भक्त आहेत. मेहदीसाहेबांची 'मोहब्बत करने वाले' ही गझल पाकिस्तानी-अमेरिकी गायिका अरूज आफताब यांनी 'व्हल्चर प्रिन्स' या 2021च्या अल्बममध्ये नव्याने गायिली आणि 2022 मध्ये तिला ग्रॅमी मिळाले. त्या अल्बममध्ये हार्प वाजवला आहे तो याच मेव्ह गिलख्रिस्ट यांनी. एडिंबरात वाढलेली मुलगी आपल्या गझलेजवळ इतक्या अदबीने येऊन बसते, आणि आपण तिच्याच घरची परंपरा तिला शिकवायला निघतो!

लिहिता लिहिता राग बराच उतरला. त्या गृहस्थांशी माझे वैर नाही; त्यांचा कान माझ्याहून तयार आहे आणि म्हणूनच त्यांच्याकडून अपेक्षा अधिक आहे. दादा, गिलख्रिस्ट यांचा 'द हार्पवीव्हर' हा अल्बम, ज्यात हार्पच्या जोडीला तंतुवाद्यांचे चौकडीवादन आहे, एकदा सलग ऐका आणि मग जे वाटेल ते याच पोस्टखाली लिहा. माझी मुलगीही वाचणार आहे.