धायबरांचा कॅमेरा बोलपटात थांबला?

‘बोलपट आला आणि केशवराव धायबरांचा कॅमेरा जागीच खिळला’ हे ‘प्रभात’ फिल्म कंपनीचे कॅमेरामन धायबर यांच्यावरच्या लेखातलं वाक्य खटकलं. सुरुवातीच्या बोलपटांत तसं झालं, मान्य. कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये जाऊ नये म्हणून त्याला झाकावं लागायचं, मग तो हलणार कसा? त्यात ‘प्रभात’चा ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत झाला, म्हणजे तेच प्रसंग पुन्हा घ्यायचे. शिवाय हाताने हँडल फिरवताना वेग थोडा कमीजास्त झाला तरी मूकपटात खपून जायचं. आवाज आल्यावर सेकंदाला २४ फ्रेम, त्यात तडजोड नाही. पण खिळला तो कायमचा नव्हे. दोनच वर्षांनी आलेला ‘अमृतमंथन’ बघा. पडदाभर पसरलेला नट चंद्रमोहनचा तो डोळा धायबरांच्याच कॅमेऱ्याने टिपलाय. त्याचा लेखात उल्लेखही नसावा?

मी ऐंशीच्या दशकात काही वर्षं कॅमेरा असिस्टंट होतो. आमचा जुना ॲरिफ्लेक्स कॅमेरा शिवणयंत्रासारखा खडखडायचा. थेट आवाज घ्यायचा असला की आम्ही त्याच्यावर अक्षरशः गोधडी गुंडाळायचो, वर जुनं जाकीट. (मे महिन्यात कॅमेरामनची काय अवस्था व्हायची ते विचारू नका.) साउंडवाला तरीही मान हलवायचा. पन्नास वर्षांनंतर आमची ही गत, तर १९३२ साली कोल्हापुरात ‘प्रभात’ची माणसं कशी निभावून नेत असतील! त्या जुगाडावर चार ओळी हव्या होत्या.