आपल्या रिव्ह्यूबद्दल: मास्टर उशिरा का मिळालं

नमस्कार सर,

आपला एक स्टारचा रिव्ह्यू वाचला. आमच्या संग्रहातल्या मोर्चाच्या फुटेजचं मास्टर, म्हणजे अंतिम वापरासाठीची चांगली प्रत, उशिरा आलं, चित्रात माणसांची डोकी कापलेली होती आणि नेटवर फुकट दिसणाऱ्या फुटेजचे आम्ही पैसे लावले, असं आपलं म्हणणं आहे. ऐन डिलिव्हरीच्या तोंडावर आपल्याला मनस्ताप झाला, त्याबद्दल दिलगीर आहोत.

पण उशिराचं खापर एकट्या आमच्यावर फुटावं, हे काही पटत नाही. पाहण्यासाठी दिलेल्या स्क्रीनरवर, म्हणजे नमुना प्रतीवर, खाली रीळ नंबर आणि टाइमकोड (शॉट रिळात नेमका कुठे आहे ते सांगणारे आकडे) असतो. तो काही शोभेसाठी नसतो. त्यावरूनच नेमका डबा काढून हवा तेवढा तुकडा पुन्हा चांगल्या प्रतीत स्कॅन करता येतो. आपल्या एडिटरने चित्र झूम करून ते आकडेच फ्रेमबाहेर घालवले. ईडीएल, म्हणजे कुठला शॉट कुठून कुठपर्यंत वापरला त्याची यादी, मागितली, तर आली एक एक्सपोर्ट केलेली व्हिडिओ फाइल! 16 मिमीच्या 400 फुटी रिळात 24 फ्रेमच्या वेगाने जेमतेम 11 मिनिटं मावतात, आणि त्या मोर्चाचे डबे रांगेने लावलेले आहेत. सगळीकडे गर्दी, सगळीकडे टोप्या. आम्ही एकेक रीळ टेबलावर चढवून डोळ्यांनी जुळवत बसलो, तरी एक शॉट काही केल्या सापडेना. शेवटी लक्षात आलं की पुढच्या माणसाच्या शर्टाचा खिसा उजवीकडे आहे, आणि त्याच्या मागच्याचाही. म्हणजे शॉट आरशात दिसावा तसा डावा-उजवा उलटा फिरवलेला होता. हे आधी कळवलं असतं तर?

डोक्यांचं म्हणाल, तर 4:3 चं चित्र 16:9 मध्ये पूर्ण भरायचं म्हटलं की उंचीचा पाव हिस्सा जातोच. तो वरून कापायचा की खालून, हे आपल्याच टाइमलाइनवर ठरलं. आम्ही पूर्ण फ्रेम दिली होती.

राहिला पैशांचा प्रश्न. क्लिप नेटवर दिसते म्हणून ती वापरायचा हक्क मिळत नाही. आपण आधी फक्त फेस्टिव्हलपुरता परवाना घेतलात, नंतर स्ट्रीमिंग आणि सगळे देश हवे झाले. रक्कम वाढली ती त्यामुळे. कोटेशनमध्ये दोन्ही दर शेजारी शेजारी लिहिले होते. फोनवर आमच्या मुलीला जे ऐकून घ्यावं लागलं, ते इथे लिहीत नाही.

स्क्रीनरसोबतच्या सूचना यापुढे आणखी ठळक करू, इतरही काही सुधारणा चालू आहेत. छोटं युनिट आहे सर, नवं काम असे रिव्ह्यू वाचूनच येतं किंवा जातं. पुढच्या भागाला फुटेज लागलं तर जरूर या, फक्त ईडीएल आधी पाठवा. आणि जमल्यास त्या एका स्टारचाही फेरविचार व्हावा, ही विनंती.