‘चेहरा गावाकडचा, मग शिकायचं कशाला?’ या मेसेजला उत्तर

नांदेडपासून बीडपर्यंतच्या ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय: “चरित्र अभिनेता व्हायला काही लागत नाही. चेहरा गावाकडचा हवा, बोली तर आपलीच. दोन सीनचं काम, पैसे रोजच्या रोज. मुंबईच्या एजन्सीत नोंदणी फी भरा, काम मिळतंच. फक्त तिशीच्या आत जा.” चरित्र अभिनेता म्हणजे नायक सोडून वडील, सरपंच, हवालदार अशा भूमिका करणारा. पोरं हा मेसेज खरा मानून बॅग भरतात, म्हणून सविस्तर लिहितोय.

आधी ‘दोन सीनचं काम’ घेऊ. मास्टर शॉटमध्ये, म्हणजे सगळा सीन एकत्र दिसणाऱ्या शॉटमध्ये, तुम्ही कप उजव्या हातात धरला आणि ‘पाटील’ या शब्दावर खाली ठेवला, तर क्लोजमध्येही (फक्त चेहऱ्याच्या जवळच्या शॉटमध्ये) तोच हात, तोच शब्द लागतो. चुकलात तर एडिटर तुमचा क्लोज वापरू शकत नाही आणि सीनमध्ये तुमची पाठ तेवढी उरते. जमिनीवर चिकटवलेल्या टेपच्या खुणेपासून अर्धा फूट पुढे सरकलात, की चेहरा फोकसबाहेर जातो. लेपल माइक, म्हणजे कपड्याला लावायचा छोटा माइक, सदऱ्याच्या आत छातीवर लावलेला असतो. कडक इस्त्रीचा सदरा त्यावर घासून खरखर येते, आणि ‘मी सांगतो ना’ म्हणत छातीवर हात मारला की आख्खा टेक वाया. एकांकिका स्पर्धा गाजवून आलेली मुलं इथंच अडकतात. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकायची सवय असते, माइकवर तो फाटतो.

त्यातही क्लोज बहुतेकदा नायकाचे आधी होतात. तुमचा नंबर येतो संध्याकाळी, शिफ्ट संपत आल्यावर. तोवर नायक निघून गेलेला असतो आणि त्याची वाक्यं असिस्टंट कोऱ्या आवाजात वाचतो. समोर कुणी नसताना डोळ्यांत तोच राग आणायचा, हे न शिकता येत नाही.

‘बोली तर आपलीच.’ कुठली? उदगीरकडं ‘काय करूलालास’ कानावर पडतं, परभणीकडं ‘काय करायलास’. दोन्हींची सरमिसळ केली की पात्र कुठलंच राहत नाही. संवाद बहुधा प्रमाण मराठीत हातात येतो. तो आपल्या बोलीत वळवताना सहकलाकाराचा क्यू (त्यानं बोलायला सुरुवात करायची खूण) असलेला शेवटचा शब्द हलू द्यायचा नसतो. हे शिकता येतं. ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या एकपात्री प्रयोगात प्रा. लक्ष्मण देशपांडे एकटे ५२ पात्रं उभी करत. ते मराठवाडा विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवत होते. तो विभाग छत्रपती संभाजीनगरात आजही आहे, नांदेडच्या विद्यापीठातही ललित व प्रयोगजीवी कला संकुल आहे. शिकायला आधी मुंबई गाठायची गरज नाही.

आता सगळ्यात घातक भाग, नोंदणी फी. ऑडिशनला पैसे लागत नाहीत. को-ऑर्डिनेटर, म्हणजे कलाकारांना काम मिळवून देणारा मध्यस्थ, आपलं कमिशन तुम्हाला मिळालेल्या मानधनातून घेतो, आधी नाही. ‘पोर्टफोलिओ (फोटोंचा संच) आमच्याकडूनच करा’ म्हणणाऱ्यापासूनही लांब राहा. ऑडिशनच्या पहिल्या फेरीचा व्हिडिओ करायला घरचा मोबाइल पुरतो: आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, मागं साधी भिंत, उजेड समोरच्या खिडकीचा, पंखा बंद. नाव, वय, उंची, गाव आणि भाषा सांगा, दोन्ही बाजूंनी चेहरा दाखवा, मग संवाद. समोरची वाक्यं वाचणारा माणूस मोबाइलला खेटून उभा करू नका, त्याचाच आवाज मोठा येतो. फिल्टर अजिबात नको, सुरकुत्या आणि पिकलेली दाढी बघूनच तर या भूमिका देतात.

‘पैसे रोजच्या रोज’ हेही बहुतेक ठिकाणी खोटं. मालिकेचं मानधन दिवसावर ठरतं, पण हातात यायला ९० दिवसही लागतात. व्यावसायिक मानधनावर टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापलेला आयकर, साधारण १० टक्के. एकूण उत्पन्नावर तेवढा कर बसत नसेल, तर विवरणपत्र भरून तो परत मिळतो; कितीतरी कलाकार तो तसाच सोडून देतात. होकार देण्याआधी दिवसाचा दर, शिफ्ट किती तासांची, डबिंग त्यातच की वेगळं, आणि प्रवासखर्च कोणाचा, हे मेसेजवर लिहून घ्या. नांदेडहून एका दिवसाच्या कामाला जाताना-येताना दोन रात्री रेल्वेत जातात. हा खर्च आधी ठरला नसेल तर कमाईतलं फारसं उरत नाही.

आणि ‘तिशीच्या आत’? हिंदी सिनेमातले चरित्र अभिनेते ए. के. हंगल यांचा जन्म १९१४ चा, सिनेमात आले ते पन्नाशी उलटल्यावर, १९६६ च्या सुमारास. त्याआधी शिवणकाम आणि इप्टा या नाट्यसंस्थेची नाटकं. वडील, सरपंच, मास्तर, हवालदार या भूमिकांना पंचविशीतला चेहरा चालतच नाही. त्यामुळं पस्तिशीतल्या शिक्षकानं नोकरी टिकवून, सुट्ट्यांत नाटक करत, व्हिडिओ पाठवत राहणं हा अगदी सरळ रस्ता आहे. फी मागणारा नंबर मात्र आजच ब्लॉक करा.