काकूंना टोरांटोला न्यावं का?

रविवारी सकाळी इंदूरच्या रामबागेतल्या आमच्या कट्ट्यावर पोहे येतात, वर सेव आणि जीरावन मसाला. या रविवारी ते कागदातच गार झाले, कारण बंड्या आणि अण्णांची जुंपली.

आमच्या मित्राचे वडील मार्चमध्ये गेले. टोरांटोहून दिल्लीमार्गे तो पोचला तिसऱ्या दिवशी. अग्नी बहिणीनं दिला होता. अस्थी घेऊन दोघं खेडीघाटला नर्मदेवर गेली. तेरावं झालं, तो परतला, बहीणही सासरी गेली. आता घरात काकू एकट्या.

बंड्या म्हणाला, "घेऊन जावं त्यानं. कॅनडाचा आईवडिलांसाठीचा सुपर व्हिसा असतो, त्यावर आता एका वेळी 5 वर्षं राहता येतं."

"राहून करायचं काय? इथे दूधवाला हाक मारतो, शेजारची वहिनी येऊन बसते. तिथे डिसेंबरात पाचच्या आत अंधार, आणि मुलगा-सून दिवसभर कामावर."

"आणि इथे काकांच्या खुर्चीकडे बघत बसायचं? भिया, त्यानंच माणूस खचतो!"

डॉक्टर एरवी कमी बोलतो. तो म्हणाला, "आयसीडी-11, म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेची आजारांची यादी, तिच्याप्रमाणे शोक लांबला असं म्हणायलाही किमान 6 महिने जावे लागतात. इथे तिसरं मासिक नुकतं झालंय. एवढ्यात घर कसलं हलवताय?"

मला वेगळंच सलत होतं. परवा रात्री साडेआठला मी काकूंकडे होतो, तेव्हा मित्राचा व्हिडिओ कॉल आला. "जेवलीस?" "हो रे, आमटी-भात." ओट्यावर नुसता दुधाचा पेला होता. फोन ठेवून त्या म्हणाल्या, "त्याच्या जिवाला घोर नको." त्याच रात्री त्याचा मला मेसेज आला: आईसमोर रडलो तर ती कोसळेल. सुतकात पिठलं-भात घेऊन येणारी माणसं निदान जवळ बसून रडतात तरी. या मायलेकरांना तेवढंही मिळत नाहीये, आणि आम्ही व्हिसावर भांडतोय.

मी तिथूनच त्याला फोन लावला. तिकडे शनिवारचे रात्रीचे साडेअकरा झाले होते. म्हटलं, "उद्या आईला जेवणाचं विचारू नकोस. बाबांचं काहीतरी बोल. रडू आलं तर येऊ दे."

बराच वेळ आवाज नाही. मग म्हणाला, "बाबा पोह्यांवर अख्खं लिंबू पिळायचे रे."

अण्णांनी फोन माझ्या हातातून घेतला. "आणि वर मलाही पिळायला लावायचे," म्हणाले, आणि त्यांना पुढे बोलता येईना.