चांगला सहाय्यक दिग्दर्शक वर्षानुवर्षे सहाय्यकच का राहतो?

मालिकांच्या सेटवर नऊ वर्षे सहाय्यक दिग्दर्शक म्हणून काम केल्यावर मला पहिल्यांदा स्वतंत्रपणे सीन घ्यायला मिळाले, तेही मुख्य दिग्दर्शक तापाने अंथरुणाला खिळले म्हणून. आमच्याकडे बढती बहुधा कोणाच्या तरी आजारपणातून नाही तर भांडणातून मिळते, आणि त्याचे कारण सहाय्यकाच्या कामातच दडलेले आहे.

नायिका वाड्याच्या दारातून आत येते तो शॉट साताऱ्याजवळ घेतलेला असतो आणि तिचे ओटीवरचे पुढचे पाऊल बारा दिवसांनी ठाण्याच्या घोडबंदर रस्त्यावरच्या स्टुडिओत पडते. पदर खोचलेला होता की मोकळा, पिशवी कोणत्या हातात होती, कपाळावरची जखम कितपत सुकली होती, हे सगळे सहाय्यकाच्या वहीत आणि मोबाइलमधल्या फोटोंत असावे लागते. त्याच वेळी दुपारी नाटकाच्या प्रयोगाला निघायचे असलेल्या नटाचे सीन आधी उरकणे, अजून न आलेल्या संवादांसाठी लेखकामागे तगादा लावणे आणि बँकेत, म्हणजे प्रक्षेपणासाठी तयार ठेवलेल्या भागांच्या साठ्यात, एकच एपिसोड उरल्याचे ऐकून अस्वस्थ झालेल्या चॅनलच्या माणसाला फोनवर धीर देणे, हेही त्याच्याकडेच असते. हे सगळे बिनबोभाट करणारा माणूस मिळाला की निर्माता त्याला हलवत नाही. 'तू गेलास तर फ्लोअर कोण सांभाळणार?' हे वाक्य मी इतक्यांदा ऐकले आहे की सुरुवातीची काही वर्षे मी ते कौतुकच समजत होतो.

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले तेव्हाची व्यवस्था निराळी होती. तिथला निर्माता पगारी नोकर असे आणि बहुतेकदा दिग्दर्शनही तोच करी. 'गजरा' हा कार्यक्रम करणाऱ्या विनय आपटे यांच्यासारखी माणसे त्याच व्यवस्थेतून पुढे आली. १९९९ मध्ये अल्फा मराठी (आताचे झी मराठी) हे चॅनल आले आणि पुढच्या काही वर्षांत दैनंदिन मालिकांचा जम बसला. 'चार दिवस सासूचे'चे तीन हजारांहून अधिक भाग झाले. रोज साधारण बावीस मिनिटांचा माल द्यायचा तर एका दिग्दर्शकाने भागत नाही, म्हणून दुसरे युनिट, म्हणजे त्याच वेळी वेगळे सीन घेणारी दुसरी तुकडी, लागते. त्यामुळे सहाय्यकांची संधी वाढायला हवी होती. परंतु दुसरे युनिट लागते ते एपिसोड अंगावर आल्यावर, आणि अशा वेळी नवख्याच्या हाती कॅमेरा द्यायला कोणी धजावत नाही. बाहेरचा अनुभवी दिग्दर्शक रोजंदारीवर बोलावला जातो.

मालिकेच्या दिग्दर्शकाच्या हातात तसे किती असते, हा प्रश्न रास्त आहे. कथेचे वळण चॅनल ठरवते आणि मालिकेचा लुक पहिल्या काही भागांतच पक्का झालेला असतो. तरीही नटीने वाक्याआधी किती थांबायचे आणि कॅमेऱ्याने बोलणारीवर राहायचे की ऐकणारीवर, एवढे त्याच्याकडे उरते, आणि माझ्या मते दिग्दर्शन तेवढ्यातच आहे. ते वही सांभाळून येत नाही, सीन घेऊन आणि चुकूनच येते.

म्हणून माझे म्हणणे एवढेच आहे की तीन वर्षे काम केलेल्या पहिल्या, म्हणजे सर्वांत वरच्या, सहाय्यकाला महिन्यातला एक दिवस, बँक भरलेली असताना, सीन घ्यायला द्यावा आणि त्या भागाच्या श्रेयनामावलीत त्याचे नाव दिग्दर्शक म्हणून जावे.

गेल्या महिन्यात मी माझ्या सहाय्यकाला अर्धा दिवस दिला. स्वयंपाकघरातल्या सीनमध्ये सासू बोलत असताना त्याने कॅमेरा सुनेच्या कणीक मळणाऱ्या हातांवर ठेवला आणि सासूचा क्लोजअप घ्यायलाच विसरला. एडिटरने संध्याकाळी फोन करून मला चार शब्द सुनावले. दुसऱ्या दिवशी तो क्लोजअप घ्यायला उभे राहिलो तेव्हा सासूबाईंचा चष्मा आदल्या दिवशी डोळ्यांवर होता की कपाळावर, हे कोणालाच सांगता येईना, कारण ते लिहून ठेवणारा त्या दिवशी दिग्दर्शन करत होता.