खुलासा: अँथनी हॉपकिन्स यांचा तो वॉल्ट्झ

ब्रिटिश अभिनेते अँथनी हॉपकिन्स यांनी रचलेल्या वॉल्ट्झचा (तीन ठोक्यांच्या तालातल्या नृत्यसंगीताचा) एक व्हिडिओ फिरतोय; परवा मीही तो पुढे पाठवला. सोबतचा मजकूर असा: 'अँथनी हॉपकिन्स यांनी म्हातारपणी अभिनय सोडला, संगीत शिकले आणि हा पहिला वॉल्ट्झ रचला. सायलेन्स ऑफ द लॅम्ब्ज या चित्रपटाचं संगीतही त्यांचंच.' हे चुकीचं आहे. न तपासता पाठवलं, याबद्दल मनापासून माफी मागते.

व्हिडिओ खरा आहे. २०११ साली व्हिएन्नात डच व्हायोलिनवादक आंद्रे रियू आणि त्यांचा जोहान स्ट्राउस ऑर्केस्ट्रा तो वॉल्ट्झ वाजवतोय, आणि हॉपकिन्स प्रेक्षकांत बसून ऐकतायत. पण रचना १९६४ ची, तेव्हा ते जेमतेम २६ वर्षांचे होते! ऐन तरुणपणी लिहिलेली सुरावट ७३ व्या वर्षी समोर बसून ऐकणारा तो चेहरा पुन्हा एकदा नीट पाहा. मला तरी ही खरी गोष्टच जास्त भिडली.

अभिनय त्यांनी सोडलेला नाही. 'द फादर'साठी ऑस्कर मिळालं ते २०२१ मध्ये, वयाच्या ८३ व्या वर्षी. 'सायलेन्स ऑफ द लॅम्ब्ज'च्या श्रेयनामावलीत संगीतकार म्हणून हॉवर्ड शोर यांचं नाव आहे. हॉपकिन्स यांनी संगीत दिलं ते स्वतः दिग्दर्शित केलेल्या 'ऑगस्ट' आणि 'स्लिपस्ट्रीम'ला. शिवाय त्यांच्या रचनांचा अल्बम २०१२ मध्ये आला, तो बर्मिंगहॅमच्या सिंफनी ऑर्केस्ट्राने वाजवलाय.

व्हिडिओ जरूर पाठवा, पण तो जुना मजकूर कृपया काढून टाका. माझ्याकडून ज्यांना आला, त्यांनी पुढच्यांनाही एवढं कळवा.