पगार सारखा म्हणून पद समकक्ष होत नाही

पदोन्नतीच्या याद्या निघायला लागल्या की कर्मचाऱ्यांच्या मोबाइलवर एक मजकूर हमखास फिरतो: "वेतनश्रेणी समान तर पदे समकक्ष. समकक्ष पदावरची सेवा पदोन्नतीला धरावीच लागते. पद रिक्त झाल्या दिवसापासून पदोन्नती हा हक्क आहे. नाकारली तर मॅटमध्ये जा, मिळतेच." (मॅट म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, सरकारी कर्मचाऱ्यांच्या सेवाविषयक तक्रारी ऐकणारं.) यातलं एकही वाक्य जसंच्या तसं टिकत नाही.

खरी गफलत समकक्षतेत आहे. राज्य पुनर्रचनेच्या वेळी वेगवेगळ्या राज्यांतले कर्मचारी एका संवर्गात बसवायचे होते. त्यासाठी मे १९५६ मध्ये मुंबईत मुख्य सचिवांच्या परिषदेत चार कसोट्या ठरल्या: कामाचं स्वरूप, अधिकार, जबाबदारी आणि कार्यक्षेत्राचा आवाका, भरतीची किमान अर्हता, आणि पगार. सर्वोच्च न्यायालयाने पी. के. रॉय प्रकरणात त्याच मान्य केल्या. पुढे एस. आय. रूपलाल प्रकरणात सीमा सुरक्षा दलातून दिल्ली पोलिसांत प्रतिनियुक्तीवर येऊन तिथेच सामावलेल्या उपनिरीक्षकांचा वाद आला. दोन्हीकडची वेतनश्रेणी वेगळी, तरीही पदं समकक्ष ठरली आणि जुनी सेवा ज्येष्ठतेत धरली गेली. चौघींत पगाराची कसोटी सर्वांत कमी महत्त्वाची, हेही तिथे स्पष्ट झालं. निकाल कर्मचाऱ्यांच्या बाजूचा होता, हे विशेष. मजकूर लिहिणाऱ्याने नेमकी तीच कसोटी डोक्यावर घेतली आहे.

आश्वासित प्रगती योजनेकडेच बघा. १०, २०, ३० वर्षांनी वरच्या पदाचं वेतन मिळतं. पण टेबल तेच, काम तेच, सहीचे अधिकारही तेच. वेतनचिठ्ठीवरून पद ठरलं असतं तर निम्मं कार्यालय एव्हाना अधिकारी झालं असतं.

बरं, पद समकक्ष ठरलं तरी पात्रता आपोआप येत नाही. पदोन्नती कोणत्या पदावरून, किती वर्षांच्या सेवेने, कोणती परीक्षा देऊन, हे सेवाप्रवेश नियम सांगतात. अव्वल कारकून आणि मंडळ अधिकारी दोघेही नायब तहसीलदार होऊ शकतात ते पगार सारखा म्हणून नव्हे, नियमात दोन्ही पदांची नावं आहेत म्हणून. नियमात नाव नसेल तर समकक्षतेचं प्रमाणपत्र फायलीत पडून राहतं.

हक्काचं म्हणाल तर तो आहे, पण विचार होण्याचा. राज्यघटनेच्या अनुच्छेद १६ खाली पात्र माणसाला डावलता येत नाही, इतकंच. पद रिक्त झालं त्या तारखेपासून पदोन्नती मागता येत नाही, हे १९८९ च्या के. के. वढेरा निकालात आलं आहे. मराठवाड्यातल्या तहसीलदारांच्या देवधर प्रकरणात तर पदोन्नतीची निव्वळ संधी ही सेवाशर्तच नाही, असं न्यायालयाने म्हटलं. अपवाद कनिष्ठाला आधी वर चढवल्याचा. ज्येष्ठ आणि पात्र माणूस चुकीने डावलला गेला असेल तर मानीव दिनांक, म्हणजे कनिष्ठाला बढती मिळाली त्या दिवसापासून आपलीही धरावी असा दिनांक, मागता येतो, आणि अशी प्रकरणं जिंकलीही जातात.

मॅटसुद्धा सहसा थेट पदोन्नती देत नाही. विभागीय पदोन्नती समितीने पुन्हा विचार करावा, असा आदेश देतं. तेव्हा अर्जाला वेतनचिठ्ठीची झेरॉक्स लावण्याआधी दोन्ही पदांच्या कर्तव्यसूची, त्या काळात लागू असलेले सेवाप्रवेश नियम आणि अंतिम ज्येष्ठता यादी मिळवा. तात्पुरत्या यादीवरची हरकत मुदतीत दिली असेल तर तिची पोचही जोडा.